सहकारी संस्थेच्या निवडणुकीचा तंटा : वेळ, दार आणि पुरावा

सोसायटीची निवडणूक आटोपली, गुलाल उधळला गेला आणि फटाक्यांचा धूर विरला, म्हणजे गावच्या पारावर एक ठराविक बोलणे सुरू होते. "आमच्या मळ्यातील पाच जणांची नावे यादीत आलीच नाहीत." "मयताच्या नावावर मत पडले." "थकबाकीदाराचा अर्ज मंजूर झाला आणि आमचा मात्र क्षुल्लक कारणावरून फेटाळला." शेवटी कोणीतरी आवेशाने म्हणतो, "आता कोर्टातच पाहू!" हा आवेश खोटा नसतो, व पुष्कळदा तक्रारही खोटी नसते. परंतु असे तंटे ज्यांनी जवळून पाहिले आहेत त्यांस ठाऊक आहे की, खरी तक्रारसुद्धा वेळ टळल्यामुळे, चुकीच्या दारी नेल्यामुळे अथवा मोघम लिहिल्यामुळे फुकट जाते. मग न्यायाधीशास तिच्या खरेखोटेपणापर्यंत पोहोचण्याचा प्रसंगच येत नाही, आणि शेतकरी मात्र "न्याय मिळाला नाही" असे म्हणत वकिलाची फी देऊन घरी परततो.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण आपणांस पूर्वजांनी दिली आहे. ती खोटी नाही; परंतु जेथे पायरी चढणे अपरिहार्य होते तेथे ती कशी चढावी हे शहाण्यास ठाऊक असले पाहिजे. प्रस्तुत लेखात हीच रीत सांगण्याचा हेतू आहे. आमचे सांगणे थोडक्यात इतकेच की, निवडणुकीच्या तंट्याची तयारी मतदारांची कच्ची यादी फळ्यावर लागते त्या दिवशी सुरू करावी लागते. निकालानंतर सुरू केलेली तयारी म्हणजे वरातीमागून घोडे होय.

हा प्रश्न शेतकऱ्याचा का?

कोणी म्हणेल की, ही वकिलांची बाब. शेतकीच्या मासिकात तिचे काय काम? त्यास उत्तर असे. नाशिक जिल्ह्यात द्राक्षबागेची ऑक्टोबर छाटणी असो, उन्हाळी कांद्याची लागवड असो की खरिपातील मका-सोयाबीन असो, हंगामाच्या आरंभी हाती पैसा लागतो. ज्याच्याजवळ तारण थोडे व पत बेताची, त्याच्या दृष्टीने गावची विविध कार्यकारी सोसायटी हे पीककर्जाचे जवळचे दार असते. ते दार कोणासाठी उघडावे आणि कोणाचा अर्ज मागे ठेवावा, हे सोसायटीच्या संचालक मंडळाच्या हाती असते. शिवाय सोसायटीचा अधिकार गावच्या वेशीपाशी संपत नाही. तिचा प्रतिनिधी जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या निवडणुकीत मत देतो. २०२३ साली राज्यातील बाजार समित्यांच्या निवडणुका झाल्या, तेव्हा शेतकऱ्यांच्या जागांसाठी सोसायट्यांचे संचालक व ग्रामपंचायतींचे सदस्य हेच मतदार होते. अर्थात् ज्याचे नाव गावच्या सोसायटीच्या यादीतून गळले, त्याचा आवाज बँकेत व कांद्याच्या लिलावाची व्यवस्था पाहणाऱ्या बाजार समितीतही गळाला. एका ओळीची चूक इतक्या दूरवर पोहोचते, म्हणून ती वेळीच दुरुस्त करून घेण्याची रीत प्रत्येक सभासदास ठाऊक असणे अगत्याचे आहे.

तंटा कोणापुढे न्यावयाचा?

हिंदुस्थानात सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा १९०४ साली झाला. १९१२ च्या कायद्याने इतर प्रकारच्या संस्थांसही सहकाराचे दार उघडले, आणि १९२५ साली मुंबई इलाख्याने आपला स्वतंत्र कायदा केला. त्या कायद्याच्या अमलात संस्थेतील तंटा दिवाणी न्यायालयाऐवजी रजिस्ट्रारकडे अगर पंचांकडे जाई. सभासदांतील भांडण थोड्या खर्चात व थोड्या वेळात मिटावे, हा त्यातील हेतू होता.

महाराष्ट्र राज्य झाल्यावर महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० हा कायदा आला व २६ जानेवारी १९६२ पासून तो अमलात आला. त्याच्या कलम ९१ मध्ये संस्थेच्या निवडणुकीचा तंटा स्पष्ट शब्दांनी घातलेला आहे. १९६८ साली डेक्कन मर्चंट्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या कलमाची फोड करून पाच प्रकारचे तंटे सांगितले : संस्थेची घटना, पदाधिकाऱ्यांची निवडणूक, सर्वसाधारण सभेचे कामकाज, व्यवस्थापन आणि संस्थेचा व्यवहार. पुढे १९७४ सालच्या दुरुस्तीने रजिस्ट्रारने नेमलेल्या व्यक्तीच्या जागी सहकारी न्यायालये आली. कलम १६३ अन्वये असा तंटा दिवाणी न्यायालयास चालविता येत नाही. सबब जो सभासद निवडणुकीच्या तक्रारीचा दावा तालुक्याच्या दिवाणी कोर्टात दाखल करतो, तो आपला मोलाचा वेळ दारातच गमावतो. आपल्या जिल्ह्यापुरते बोलावयाचे तर नाशिक येथे सहकारी न्यायालय आहे. तेच हे दार होय.

येथे जुन्या माणसांच्या मनात एक घोटाळा राहून गेलेला दिसतो, तो दूर केला पाहिजे. १९६९ सालच्या दुरुस्तीने साखर कारखाने, जिल्हा मध्यवर्ती बँका इत्यादी मोठ्या, म्हणजे 'विनिर्दिष्ट' संस्थांच्या निवडणुकांसाठी कायद्यात निराळे प्रकरण घातले गेले व त्याखाली १९७१ साली नियम झाले. त्या संस्थांच्या निवडणुकीचा तंटा कलम १४४-टी प्रमाणे विभागीय आयुक्तांपुढे, निकाल जाहीर झाल्यापासून दोन महिन्यांच्या आत न्यावा लागे. त्यामुळे कारखान्याच्या निवडणुकीचा तंटा म्हणजे नाशिकरोडचे आयुक्त कार्यालय, असे समीकरण लोकांच्या डोक्यात बसले. परंतु ९७ व्या घटनादुरुस्तीनंतर राज्याने २०१३ साली कायद्यात मोठे फेरफार केले. सर्व सहकारी संस्थांच्या निवडणुका राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाकडे सोपविण्यात आल्या, २०१४ साली समितीच्या निवडणुकीचे नवे नियम झाले, आणि लहान सोसायटी असो वा मोठा कारखाना, निकालानंतरच्या तंट्याची वाट कलम ९१ खाली सहकारी न्यायालयाकडे वळली. पुढे जुलै २०२१ मध्ये राजेंद्र शहा यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ९७ वी घटनादुरुस्ती राज्यातील संस्थांपुरती रद्द ठरविली. तरी महाराष्ट्राच्या विधिमंडळाने स्वतःच्या अधिकारात केलेला कायदा त्यामुळे नाहीसा झाला नाही, हे ध्यानात ठेवावे.

चालती निवडणूक थांबत नाही

बहुतेकांचा पहिला विचार असा असतो की, यादीत घोटाळा आहे तर थेट उच्च न्यायालयात जाऊन निवडणुकीस मनाई हुकूम आणावा. हा मार्ग बहुधा बंद आहे, आणि तो का बंद आहे हे समजून घेण्याजोगे आहे.

स्वतंत्र भारताच्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत मद्रास राज्यातील नामक्कल मतदारसंघात पोन्नुस्वामी नावाच्या उमेदवाराचा अर्ज फेटाळला गेला. ते न्यायालयात गेले. १९५२ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, निवडणूक या शब्दात केवळ मतदान येत नाही. अधिसूचनेपासून निकालापर्यंतची सर्व क्रिया मिळून निवडणूक होते, व तिच्यातील कोणत्याही पायरीविषयीची तक्रार निवडणूक पुरी झाल्यावर, कायद्याने नेमलेल्या ठिकाणीच करावयाची. असे न केल्यास एकेका उमेदवाराच्या एकेका अर्जाने निवडणूक कधीच पुरी होणार नाही.

हाच न्याय आपल्या सहकारी संस्थांनाही लागू झाला. श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी (मोईनगिरी महाराज) सहकारी दुग्ध उत्पादक संस्था विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने असे ठरविले की, मतदारयादी तयार करणे हाही निवडणूक प्रक्रियेचाच एक टप्पा आहे. ती प्रक्रिया एकदा सुरू झाली म्हणजे, यादी करताना नियमभंग झाल्याचा आरोप असला तरी, उच्च न्यायालयाने निवडणूक अडवू नये. ज्याची तक्रार असेल त्याने निवडणुकीनंतर रीतसर अर्ज करावा. दूध घालणाऱ्या शेतकऱ्यांच्या संस्थेचे हे प्रकरण पुढील अनेक तंट्यांत आधारास घेतले गेले आहे, यास्तव प्रत्येक सभासदाने त्याचे तात्पर्य लक्षात ठेवावे.

ज्याचे नाव अन्यायाने वगळले गेले त्यास हा न्याय कठोर वाटेल, आणि तसे वाटणे गैर नाही. परंतु दुसरी बाजूही पाहावी. सत्तेवर बसलेल्या मंडळास निवडणूक लांबविण्यात लाभ असतो. मनाई हुकूम सहज मिळू लागला तर मुदत संपलेले मंडळच आपल्या एखाद्या माणसाकरवी अर्ज करवून खुर्चीवर वर्षानुवर्षे बसेल. निवडणूक वेळेवर व्हावी आणि तक्रार मागून ऐकली जावी, यातच एकंदर सभासदांचे हित अधिक आहे, असे आमचे मत आहे.

पहिली पायरी : मतदारयादी

तथापि, निकालानंतर तक्रार ऐकली जाते याचा अर्थ निकालापर्यंत गप्प बसावे असा नव्हे. नियमांनी प्रत्येक पायरीवर हरकतीची सोय केलेली आहे. कच्ची मतदारयादी प्रसिद्ध होते, तिच्यावर हरकती मागविल्या जातात, त्यांचा निर्णय होतो आणि मग अंतिम यादी लागते. हरकत कोणाकडे व किती तारखेपर्यंत द्यावयाची हे त्या नोटिशीतच लिहिलेले असते. नोटिशीची नक्कल किंवा छायाचित्र त्याच दिवशी घेऊन ठेवावे.

हरकत तोंडी सांगू नये. गटसचिवाने "बघतो, होऊन जाईल" असे म्हटले म्हणजे काम झाले, अशा भ्रमात राहू नये. अर्ज लेखी द्यावा, सभासद क्रमांक, भागाची पावती व ओळखीचा पुरावा जोडावा, आणि दुसऱ्या प्रतीवर तारीख व शिक्क्यासह पोच घ्यावी. हा एक कागद पुढे न्यायालयात शंभर साक्षीदारांपेक्षा अधिक बोलतो. कारण तेथे पहिलाच प्रश्न असा येतो की, यादी लागली तेव्हा तुम्ही काय केले?

येथे कायद्याचे कलम ३२ प्रत्येक सभासदाने पाठ करावे असे आहे. संस्थेच्या कचेरीत, कामाच्या वेळेत, कायदा, नियम व पोटनियम, शेवटचा तपासलेला ताळेबंद, समितीच्या सदस्यांची यादी, सभासदांचे रजिस्टर, सभांची इतिवृत्ते आणि स्वतःच्या व्यवहाराची खाती विनामूल्य पाहण्याचा त्यास हक्क आहे. लेखी मागणी करून ठरलेली फी भरल्यास महिन्याच्या आत नक्कल देणे संस्थेवर बंधनकारक आहे. महिना हा अवधी निवडणुकीच्या धामधुमीत फार मोठा असतो. म्हणून मंडळाची मुदत संपण्याच्या पुष्कळ आधीच सभासद रजिस्टर पाहून घ्यावे.

रजिस्टर पाहताना दोन गोष्टी विशेष पाहाव्या. पहिली, मयत सभासदांची नावे. वडील वारले, शेतीच्या उताऱ्यावर वारसांची नावे लागली, परंतु सोसायटीतील भाग मात्र वडिलांच्याच नावावर राहिला, असे कित्येक घरी असते. सातबाऱ्यावरील नोंद म्हणजे सोसायटीचे सभासदत्व नव्हे. कलम ३० प्रमाणे मयताचा भाग नामनिर्देशित व्यक्तीच्या अथवा वारसाच्या नावे करून घ्यावा लागतो. घरातील विधवा माता-भगिनींचा हक्क याच ठिकाणी अधिक बुडतो, हे खेदाने सांगावे लागते. दुसरी गोष्ट थकबाकीची. कर्ज फेडले असल्यास त्याचा दाखला हाती असू द्यावा. खात्यावर जमा दाखविण्यात झालेली हयगय पुढे मताच्या व उमेदवारीच्या आड येते.

दुसरी पायरी : उमेदवारी अर्ज

उमेदवारी अर्जाची छाननी झाली आणि अर्ज फेटाळला गेला, तर येथे कायद्याने तातडीची दाद ठेवलेली आहे. कलम १५२-अ अन्वये अर्ज फेटाळल्याच्या तारखेपासून तीन दिवसांच्या आत निबंधकाकडे अपील करता येते, व ते त्यांनी दहा दिवसांच्या आत निकालात काढावयाचे असते. त्यांचा निर्णय अंतिम असतो. त्यावर पुन्हा अपील वा फेरतपासणी नाही. तीन दिवस म्हणजे किती थोडा काळ, हे सांगावयास नको. यासाठी छाननीस उमेदवाराने स्वतः हजर राहावे व अर्ज फेटाळण्याचा कारणांसह लेखी हुकूम तेथल्या तेथे मागावा.

परंतु प्रतिपक्षाचा अर्ज चुकीने मंजूर झाला असेल तर? या कलमात मंजुरीविरुद्ध अपील करण्याची सोय नाही. तेव्हा छाननीच्या वेळी लेखी हरकत नोंदवावी, तिची पोच घ्यावी आणि निकालानंतरच्या अर्जासाठी ती जपून ठेवावी.

तिसरी पायरी : मतदान व मोजणी

मतदानाच्या दिवशी प्रत्येक उमेदवाराने आपला प्रतिनिधी असा नेमावा, ज्यास गावातील सभासद चेहऱ्याने ओळखता येतात. दुसऱ्याच्या नावावर कोणी मत देऊ लागला तर त्याच क्षणी मतदान केंद्राच्या अधिकाऱ्याकडे हरकत घ्यावी. सायंकाळी पारावर सांगून उपयोग नाही. मोजणीच्या वेळी बाद ठरलेल्या मतपत्रिका, त्या बाद ठरण्याची कारणे व प्रत्येक फेरीचे आकडे प्रतिनिधीने वहीत टिपून घ्यावे. फेरमोजणी हवी असल्यास ती निकाल जाहीर होण्यापूर्वी, लेखी व कारणे देऊन मागावी.

हे टिपण का महत्त्वाचे, तर पुढे न्यायालय मतपत्रिकांची पेटी सहजासहजी उघडत नाही. १९६४ साली रामसेवक यादव यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, मतपत्रिका पाहावयास मिळाल्या तर त्यांतून काहीतरी पुरावा सापडेल, अशा केवळ आशेवर त्यांची तपासणी करू देता येणार नाही. मोजणीत नेमकी कोणती चूक झाली हे आधी निश्चित शब्दांत सांगितले पाहिजे. मताची गुप्तता हाही प्रत्येक मतदाराचा हक्क आहे. एकाच्या संशयासाठी सर्वांची गुप्तता मोडावयाची नसते.

निकालानंतरचा अर्ज

निकाल जाहीर झाल्या दिवसापासून मुदतीचे घड्याळ चालू होते. आपणांस घोटाळा कधी कळला, यावर ते थांबत नाही. पुरेसे कारण दाखविल्यास उशीर माफ करण्याचा अधिकार कलम ९२ ने सहकारी न्यायालयास दिला आहे खरा. परंतु "हंगामाची घाई होती" किंवा "वकील भेटला नाही" असल्या कारणांवर विसंबणे धोक्याचे आहे. आमची सूचना अशी की, निकालानंतर पहिल्या आठवड्यात नकला मागाव्या, दुसऱ्या आठवड्यात वकिलाची गाठ घ्यावी आणि महिना पुरा होण्यापूर्वी अर्ज दाखल करून मोकळे व्हावे.

अर्जात तीन गोष्टी नीट असाव्या. पहिली, पक्षकार. ज्याची निवड रद्द व्हावी असे म्हणणे आहे, तो निवडून आलेला उमेदवार प्रतिपक्षात असलाच पाहिजे. त्याच्या पश्चात त्याचे पद जाऊ शकत नाही. त्यापुढे जाऊन "त्याच्याऐवजी मला निवडून आलेला ठरवावे" अशी मागणी असेल, तर लोकसभा-विधानसभेच्या निवडणूक कायद्यात इतर सर्व उमेदवारांस पक्षकार करावे लागते. सहकारी संस्थेच्या तंट्यातही तीच रीत पाळणे शहाणपणाचे होय. संस्था व निवडणूक निर्णय अधिकारी यांसंबंधी वकिलाचा सल्ला घ्यावा.

दुसरी गोष्ट म्हणजे घटनांचा तपशील. "निवडणुकीत भ्रष्टाचार झाला" या एका वाक्यास न्यायालयात कवडीची किंमत नाही. कोणी, केव्हा, कोठे, कोणास, काय दिले अथवा काय धमकी दिली, हे लिहावे लागते. १९६७ साली मुंबईत जॉर्ज फर्नांडिस यांनी स. का. पाटील यांचा पराभव केला. त्या निवडीस आव्हान दिले गेले, तेव्हा १९६९ साली सर्वोच्च न्यायालयाने घालून दिलेला दंडक आजही मानला जातो. तो असा की, आवश्यक घटनांपैकी एकही अर्जात राहिली तर दाव्याचे कारणच अपुरे राहते. मुदत गेल्यावर नवा आरोप दुरुस्तीच्या नावाने आत घालता येत नाही.

तिसरी गोष्ट, मागणी. काय रद्द व्हावे, कोणत्या जागेपुरते रद्द व्हावे आणि त्याऐवजी काय व्हावे, हे स्पष्ट लिहावे. सर्व मंडळावर राग काढू नये. ज्या जागेसंबंधी पुरावा आहे तिच्यापुरतेच बोलावे.

सहकारी न्यायालयाचा निर्णय मान्य नसल्यास कलम ९७ प्रमाणे दोन महिन्यांच्या आत सहकारी अपील न्यायालयाकडे जाता येते.

निकालावर परिणाम झाला काय?

आता सर्वांत कठीण भाग. चूक झाली एवढे सिद्ध करून बहुधा भागत नाही. त्या चुकीने निकालावर परिणाम झाला हेही दाखवावे लागते. १९७१ च्या नियमांत निवड रद्द करण्याची कारणे दोन प्रकारची होती. निवडून आलेला मुळात अपात्र असणे, त्याने भ्रष्ट मार्ग अवलंबिणे, किंवा कोणाचा अर्ज गैररीतीने फेटाळला जाणे, ही कारणे स्वतःच पुरेशी. परंतु अर्ज गैररीतीने मंजूर होणे, मते चुकीने घेतली वा नाकारली जाणे, अथवा नियमांचा भंग होणे, यांबाबत निकालावर खरोखरीचा परिणाम झाल्याचे सिद्ध करणे भाग असे. हीच विभागणी १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यातही आहे.

याचे उत्तम उदाहरण उत्तर प्रदेशातील वशिष्ठ नारायण शर्मा यांचे, १९५४ साली सर्वोच्च न्यायालयात गेलेले प्रकरण होय. शर्मा यांस १२,८६८ मते पडली व दुसऱ्या क्रमांकाच्या उमेदवारास १०,९९६. फरक १,८७२ मतांचा. ज्याचा अर्ज मंजूर व्हावयास नको होता असा एक उमेदवार होता व त्यास १,९८३ मते पडली होती, म्हणजे फरकापेक्षा १११ अधिक. वरवर पाहता निकाल फिरला असता असे कोणासही वाटेल. परंतु न्यायालयाने विचारले की, ही मते दुसऱ्यालाच गेली असती याचा पुरावा काय? अंदाजावर निवड रद्द होत नाही. शर्मा यांची निवड कायम राहिली.

हेच गावच्या मापाने पाहू. समजा, एखाद्या सोसायटीत एका जागेसाठी विजयी उमेदवारास १८७ व पराभूतास १८० मते पडली, फरक सात. मयतांच्या नावावर पाच मते पडल्याचे पुरते सिद्ध झाले, आणि ती पाचही विजयी उमेदवारास गेली असे मानले, तरी तो दोन मतांनी पुढेच राहतो. असा अर्ज करून पाच वर्षांचे वैर विकत घेण्यात अर्थ नाही. उलट, वेळीच लेखी हरकत घेऊनही बारा पात्र सभासदांस मतापासून वंचित ठेवले गेले असेल, तर विचार करण्याजोगी सामग्री आपल्या हाती आहे. म्हणून अर्जापूर्वी कागदावर हा हिशेब मांडावा. जो शेतकरी एकरी खर्च व उत्पन्नाचा मेळ घालू शकतो, त्यास हा हिशेब जड नाही.

कायद्यातील उणीव व आपले कर्तव्य

हे सर्व सांगितल्यावर एक कबुली दिली पाहिजे. मंडळाची मुदत पाच वर्षांची असते, आणि तंटा, त्यावरील अपील व त्यानंतर उच्च न्यायालय या वाटेने जाता जाता त्यातील बराच काळ निघून जाऊ शकतो. मध्यंतरी ते मंडळ कारभार करीत राहते. निवडीत दोष निघाला म्हणून, प्रामाणिकपणे केलेले संस्थेचे काम केवळ तेवढ्या कारणाने रद्द होत नाही, असे कलम ७७ सांगते. कर्जदारांच्या दृष्टीने ते योग्यच आहे. परंतु उशिरा मिळालेला न्याय अर्जदारास फिका लागतो. चालती निवडणूक अडवू द्यावयाची नाही हे तत्त्व तेव्हाच शोभते, जेव्हा निकालानंतरचा तंटा लवकर तडीस जातो. निवडणुकीचे तंटे ठराविक अवधीत निकालात निघावेत, अशी मागणी शेतकऱ्यांच्या संघांनी एकमुखाने करणे जरूर आहे.

तोपर्यंत आपल्या हाती असलेले काम आपण करावे. पुढील निवडणुकीची वाट न पाहता, येत्या महिन्यात सवड काढून सोसायटीच्या कचेरीत जावे. सभासद रजिस्टरात आपले नाव, वडिलांचे नाव व गाव बरोबर आहे काय ते पाहावे. घरातील कोणी वारले असल्यास वारसाचा अर्ज द्यावा. शेजारच्या मळ्यातील वृद्ध व एकट्या राहणाऱ्या सभासदासही बरोबर न्यावे. याला वकील लागत नाही व फीही लागत नाही; कचेरीत घालविलेली एक सकाळ पुरते. त्या सकाळी दुरुस्त झालेली एक ओळ पुढे न्यायालयातील तीन वर्षे वाचविते.